खाजनाच्या बांधावरून प्राचीन संस्कृती कशा शिकवाव्यात

प्राचीन संस्कृतींवरचा शालेय प्रकल्प बहुतेक वेळा जगाच्या नकाशापासून सुरू होतो. नाईल, टायग्रिस, युफ्रेटिस आणि सिंधू यांच्या निळ्या रेषा रंगवून झाल्या, की त्याखाली ‘नद्यांच्या काठी संस्कृती बहरल्या’ असे एक वाक्य येते आणि भूगोल तिथेच संपतो. ते वाक्य खोटे नाही. पण त्या काठावरचा माणूस आषाढात काय करत होता आणि वैशाखात कशाच्या धास्तीत होता, याचा त्यातून काहीच पत्ता लागत नाही. म्हणून गोव्यातल्या शिक्षकांनी आणि पालकांनी नकाशा काही दिवस गुंडाळून ठेवावा आणि जवळच्या खाजनापासून, म्हणजे बांध घालून भरतीच्या खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या नदीकाठच्या सखल शेतापासून, सुरुवात करावी. पाण्याच्या वेळेवर बेतलेले जगणे मांडवी आणि झुआरीच्या खाऱ्या पट्ट्यात अजूनही डोळ्यांनी पाहता येते.

भेटीचा दिवस भरती-ओहोटीच्या वेळा पाहूनच ठरवावा. पहिल्या खेपेस मी ती काळजी घेतली नव्हती. बांधावर पोहोचलो तेव्हा मानशीची, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या वाटेची, दारे हलण्याचे नाव घेत नव्हती आणि मुलांनी बगळे मोजून तास काढला. भरती पूर्ण होण्याच्या सुमारास पोहोचावे आणि ओहोटी चांगली लागेपर्यंत थांबावे. भरतीचे पाणी चढते तेव्हा ते मानशीच्या लाकडी दारांना बाहेरून रेटते, दारे आपोआप मिटतात आणि खारे पाणी शेताबाहेर राहते. नदी उतरून आतल्या पातळीच्या खाली गेली, की आतले पाणी तीच दारे ढकलून बाहेर पडते. हे सगळे माणसाचा हात न लागता घडते, पण बांध मात्र हात लागल्याशिवाय टिकत नाही. मुलांना बांधाच्या उतारावरची खेकड्यांची बिळे दाखवावीत. एवढ्याशा बिळातून पाझर सुरू होतो, आणि वेळीच चिखल भरला नाही तर उधाणाच्या रात्री तिथेच खिंडार पडते. मग मुलांना विचारावे, की एका शेतकऱ्याने आपल्या वाट्याच्या बांधाकडे दुर्लक्ष केले तर नुकसान कोणाकोणाचे होईल. मिळालेले उत्तर वहीत लिहून ठेवावे, कारण ते पुढे कामाला येणार आहे.

घरी किंवा वर्गात आल्यावर एका मोठ्या कागदावर एकात एक अशी तीन वर्तुळे काढावीत आणि त्यांचे बारा महिन्यांचे बारा भाग करावेत. माझ्या मते हा या उपक्रमाचा गाभा आहे आणि त्याला निदान दोन तासिका द्याव्यात. सर्वांत आतल्या वर्तुळात खाजन भरावे: जूनच्या पावसाने जमिनीतला खार धुतला जातो, त्यानंतर खारेपणा सोसणारे कोरगुटसारखे भात उभे राहते, पावसाळा सरल्यावर कापणी होते, मग कित्येक ठिकाणी शेतात खारे पाणी घेऊन मासळी धरली जाते आणि उन्हाळ्यात मिठागरे पांढरी होतात. मधल्या वर्तुळात नाईल भरावी. इथिओपियाच्या पठारावर जून ते सप्टेंबर या, म्हणजे जवळजवळ आपल्याच पावसाळ्याच्या महिन्यांत पडलेला पाऊस इजिप्तमध्ये पूर होऊन पोहोचत असे. जुलैपासून ऑक्टोबरपर्यंत शेते पाण्याखाली असत, पूर ओसरल्यावर ओल्या काळ्या गाळात पेरणी होई आणि मार्च-एप्रिलमध्ये पीक हाती येई. इजिप्शियन लोकांनी वर्षाचे तीनच ऋतू मानले होते: पूर, पेरणी-वाढ आणि कापणी, प्रत्येकी चार महिन्यांचे. पुराच्या ऋतूत शेतावरून मोकळे झालेले हात राजाच्या बांधकामांवर लावता येत, आणि पूर ओसरल्यावर पुसल्या गेलेल्या शेतांच्या हद्दी दोरीने पुन्हा मोजाव्या लागत.

बाहेरच्या वर्तुळात मेसोपोटेमिया भरताना मुले स्वतःच थबकतात. तिथेही पेरणी शरदात आणि कापणी एप्रिल-मेच्या आसपास. परंतु टायग्रिस आणि युफ्रेटिस यांना पूर येई तो उत्तरेकडच्या डोंगरांतला बर्फ वितळल्यावर, म्हणजे नेमका त्याच एप्रिल-मेमध्ये. नाईल शेत रिकामे असताना येत असे, या नद्या मात्र उभ्या पिकावर येत. पेरणीच्या वेळी पाणी हवे तर नदी उतरलेली, आणि पाणी नको तेव्हा ती दाराशी. म्हणून तिथल्या शेतकऱ्याचे आयुष्य कालवे उपसण्यात आणि बांध राखण्यात गेले. ही तफावत वर्तुळांवर एका बोटाने दाखवता येते, आणि नकाशावर ती दिसतच नाही.

आता वहीतला बांधाचा प्रश्न पुन्हा काढावा. बॅबिलोनचा राजा हम्मुराबी याच्या सुमारे इ.स.पू. १७५० मधल्या कायदेसंहितेत त्याचे थेट उत्तर आहे: ज्याने आळसाने आपला बांध मजबूत ठेवला नाही आणि त्यामुळे इतरांची शेते पाण्याखाली गेली, त्याने बुडालेल्या धान्याची भरपाई करावी, आणि ते जमत नसेल तर त्याला व त्याच्या मालमत्तेला विकून येणारी रक्कम नुकसान झालेल्यांनी वाटून घ्यावी. आपल्याकडे बांधांची राखण गावकारीने, म्हणजे गावाच्या सामाईक जमिनी पाहणाऱ्या संस्थेने, सामूहिकपणे सांभाळली, तिथे ती राजाज्ञेने प्रत्येकाच्या गळ्यात बांधली गेली. मिठाचीही तुलना करून घ्यावी. गोव्यात वर्षाला सुमारे तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो आणि खाजनाचा खार दर पावसाळ्यात वाहून जातो. दक्षिण मेसोपोटेमियात दोनशे मिलिमीटरही पडत नाही, त्यामुळे कालव्याच्या पाण्याबरोबर आलेले क्षार सपाट जमिनीत साचत गेले. गव्हापेक्षा खारेपणा अधिक सोसणारे जव तिथे प्रमुख धान्य राहिले, आणि तिथल्या माणसाची भाकरी व बिअर दोन्ही जवाचीच होती.

पायाखालच्या मातीसाठी एक सोपा गृहपाठ द्यावा: आपले घर कशाचे आहे आणि ते का, हे आजीला किंवा आजोबांना विचारून यावे. उत्तर बहुधा जांभ्याचे चिरे, उतरते छप्पर आणि मातीच्या भिंतीला झड लागू नये म्हणून पावसाळ्यापूर्वी बांधलेल्या विणलेल्या झावळ्या असे येते. मग सांगावे, की पाऊस जवळजवळ नसल्यामुळे इजिप्तमध्ये राजवाडेसुद्धा कच्च्या विटांचे असत, दगड राखला जाई तो देवळांसाठी आणि थडग्यांसाठी. आणि घराचे सपाट छप्पर ही झोपण्याची व कामाची आणखी एक खोली असे. दक्षिण मेसोपोटेमियात दगड आणि चांगले लाकूड दोन्ही दुर्मिळ, म्हणून भिंत मातीची, पत्र लिहायचे तेही मातीच्या पाटीवर, आणि एका काळात कापणीचा विळाही भाजलेल्या मातीचा. लेबनॉनचा देवदार आणावा लागे, तो देवळांच्या आणि राजवाड्यांच्या तुळयांसाठी.

नाईलवरच्या प्रवासाला एक मिनिट पुरे. नदी उत्तरेकडे वाहते आणि वारा बहुतेक काळ उत्तरेकडूनच येतो, म्हणून जाताना प्रवाह आणि येताना शीड. त्यांच्या चित्रलिपीत प्रवाहाविरुद्धच्या प्रवासाच्या चिन्हातली होडी शीड उभारलेली असते.

इथपर्यंत आल्यावर मुलांना सगळे भूगोलाच्याच खात्यावर टाकण्याची सवय लागते, आणि ती मोडण्यासाठी सिंधू संस्कृती शेवटी ठेवावी. मोहेंजोदडो गाळाच्या मैदानात आहे, तिथे भाजलेल्या विटा आणि दाट वस्तीत शेकडो विहिरी. कच्छच्या रणातल्या खादिर बेटावरचे धोलाविरा मात्र मुख्यतः दगडात बांधलेले असून, मनसर आणि मनहर या दोन हंगामी ओढ्यांचे पाणी अडवून तिथे मोठाले हौद भरले जात. दगड आणि पाणी कुठून आले याचे उत्तर भूगोल देतो. पण दोन्हीकडे वजने सारखी, मुद्रांवरची लिपी एकच, आणि विटांचे जाडी, रुंदी व लांबी यांचे एक, दोन, चार हे प्रमाण या संस्कृतीच्या शहरांत पुन्हा पुन्हा भेटते. हे ठरवले ते माणसांनी.

प्रकल्प तपासताना मी प्रत्येक वाक्याला एकच कसोटी लावतो: या नदीला पूर दोन महिने उशिरा आला असता, तर हे वाक्य बदलले असते का? ‘नद्यांच्या काठी संस्कृती बहरल्या’ हे वाक्य तसेच राहते, म्हणून ते खोडावे. ‘पूर आला तेव्हा जव कापायला आले होते’ हे बदलते, म्हणून ते ठेवावे.