पंधरा-वीस मिनिटांत काके उडोन (आणि झटपट हवं असेल तर रामेनच्या नादी का लागू नये)

जपानी नूडल सूप घरी करायचं म्हटलं की सगळ्यांच्या डोक्यात पहिलं येतं ते रामेन, कारण रील्समध्ये तेच दिसतं, वर अर्धं कापलेलं अंडं, चकचकीत तेलाचा थर, खाली दुधाळ सूप. ते झटपट होत नाही हो. टोनकोत्सुचं ते पांढरं सूप म्हणजे डुकराची हाडं मोठ्या आचेवर तासन्‌तास खळाखळा उकळायची, वाडग्याच्या तळाशी घालायचा टारे (सूपाला चव देणारा दाट खारट रस) वेगळा करायचा, सुवासिक तेल वेगळं, अंडी आदल्या दिवशी मुरवायची, मांस वेगळं शिजवायचं, एका वाडग्यापायी ओटाभर भांडी आणि अख्खा रविवार. पाकिटातलं रामेन दोन-तीन मिनिटांत होतं कारण मोमोफुकू आन्दोंनी 1958 मध्ये शिजवलेल्या नूडल्स तेलात तळून वाळवायची युक्ती बाजारात आणली, तळताना पाणी उडून जातं, बारीक बारीक भोकं राहतात आणि त्यातून गरम पाणी पटकन आत शिरतं. ते खायचं तर खुशाल खा, पण ते पाकीट फोडणं झालं, सूप करणं नाही.

घरी, स्वतः, ऑफिसातून आल्यावर करायचं असेल तर काके उडोन करा. गव्हाच्या जाड नूडल्स, वर पातळ पारदर्शक गरम सूप, थोडी कांद्याची पात, बास. जपानमध्ये स्टेशनांवर उभ्या उभ्या खायचे सोबा-उडोनचे स्टॉल असतात तिथे हेच मिळतं. नूडल्स उकडून तयार असतात, गिऱ्हाईक आलं की जाळीच्या झाऱ्यात घेऊन उकळत्या पाण्यात बुडवायच्या, वाडग्यात टाकायच्या, वरून सूप ओतायचं, पुढची ट्रेन यायच्या आत माणूस खाऊन मोकळा. त्यातली एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा, सूप एका भांड्यात, नूडल्स दुसऱ्या भांड्यात, दोघांची गाठ थेट वाडग्यातच.

आता दाशी, म्हणजे ज्यावर हे सूप उभं राहतं ते चवीचं पाणी. सगळी चव इथे आहे, त्यामुळे इथे कंजूषपणा नको. दोघांसाठी एक लिटर पाणी, साधारण 10 ग्रॅम कोम्बू (वाळवलेलं जाड समुद्री शेवाळ, तळहाताएवढा तुकडा होतो) आणि 20 ते 25 ग्रॅम कात्सुओबुशी, म्हणजे ट्यूनाच्या जातीतला मासा शिजवून, धुरावर वाळवून लाकडासारखा कडक करतात आणि मग रंध्यावर त्याचे पातळ काप काढतात ते. पाकीट उघडल्यावर सुक्या मासळीचा आणि धुराचा एकत्र वास येतो, सुकट-बोंबीलवाल्या घरात कोणी नाक मुरडणार नाही, बाकीच्यांनी खिडकी उघडावी.

कोम्बूवर पांढरी भुकटी दिसते ती बुरशी नव्हे, ती धुऊन टाकू नका, चवीचा भाग आहे, फार तर ओल्या फडक्याने माती-कचरा पुसून घ्या. कोम्बू गार पाण्यात अर्धा तास भिजू द्या (सकाळी कामावर जाताना फ्रिजमध्ये भिजत टाकून गेलात तर संध्याकाळी तो अर्धा तासही वाचतो, आणि टायटलमधली पंधरा-वीस मिनिटं त्याच हिशेबाने आहेत बरं का). मग मंद ते मध्यम आचेवर ठेवा. भांड्याच्या कडेला आणि तळाशी बारीक बुडबुडे धरायला लागले, पाणी नुसतं थरथरायला लागलं, की कोम्बू बाहेर. खळखळून उकळी येऊ दिली तर सूप बुळबुळीत होतं आणि एक उग्र वास येतो जो नंतर कशानेच जात नाही. कोम्बू काढल्यावर पाण्याला उकळी आणा, गॅस बंद करा, कात्सुओबुशी एकदम सगळी टाका आणि हात मागे घ्या. ढवळायचं नाही. काप आधी वर तरंगतात, मग ओले होऊन हळूहळू खाली बसतात, दीड-दोन मिनिटं लागतात, तेवढं झालं की मलमलच्या फडक्यातून गाळा. गाळताना शेवटचा थेंब काढायला पिळायची सवय असते आपल्याला, इथे पिळू नका, कडवटपणा उतरतो आणि सूप गढूळ होतं. फिकट सोनेरी पाणी मिळेल, चाखलंत तर मीठ नाही म्हणून थोडं अळणी लागेल पण जिभेवर रेंगाळेल.

हे दोन्ही एकत्र का घालायचे तर त्याला कारण आहे. 1908 मध्ये टोकियोत किकुनाए इकेदा या रसायनशास्त्रज्ञाने कोम्बूतून ग्लुटामेट वेगळं काढलं आणि त्या चवीला उमामी म्हटलं, 1913 मध्ये त्यांच्याच शिष्याने कात्सुओबुशीतलं इनोसिनेट शोधलं, आणि पुढे कळलं की हे दोन पदार्थ एकत्र आले की चव नुसती बेरीज होत नाही, कितीतरी पटीने वाढते. म्हणून नुसत्या कोम्बूचं पाणी बेताचंच लागतं आणि नुसत्या माशाचंही, दोन्ही मिळून मात्र तेल नाही, मसाला नाही तरी भरल्यासारखं वाटतं.

शाकाहारी मंडळींनी हिरमुसायचं कारण नाही. वाळवलेल्या शिताके मशरूममध्ये ग्वानिलेट असतं, तेही कोम्बूशी असंच जमतं. लिटरभर पाण्याला 10 ग्रॅम कोम्बू आणि चार-पाच सुके शिताके, रात्रभर फ्रिजमध्ये गार पाण्यात भिजवा, घाई म्हणून गरम पाण्यात भिजवू नका, गारमध्ये चव चांगली उतरते. पुढचं सगळं तसंच, फक्त मासा नाही. जपानमधल्या बौद्ध मठांतल्या स्वयंपाकात ही दाशी वापरतात, त्यामुळे ही काही आपण काढलेली पळवाट नाही. आणि ज्यांना हे काहीच जमणार नाही त्यांनी दाशीची पावडर आणावी, अर्ध्या लिटरला एक छोटा चमचा, पण त्यात मीठ आधीच असतं हे विसरू नका आणि शाकाहारी असाल तर पाकिटामागचं बारीक अक्षर वाचा, बहुतेक पावडरींत मासा असतो.

सूप. गाळलेल्या दाशीतली 700 मिली एका पातेल्यात घ्या, त्यात 3 मोठे चमचे जपानी सोया सॉस, 3 मोठे चमचे मिरिन, चिमूटभर मीठ, एक उकळी, मिनिटभर बारीक गॅस. झालं. अंदाज असा की पंधरा भाग दाशीला एक भाग सोया, एक भाग मिरिन. मिरिन म्हणजे तांदळाची गोड दारू, साधारण 14 टक्के अल्कोहोल असतं, न मिळाली किंवा चालत नसेल तर प्रत्येक मोठ्या चमच्याऐवजी एक छोटा चमचा साखर घाला, चकाकी थोडी कमी येते पण सूप बिघडत नाही. सोया सॉसच्या बाबतीत मात्र तडजोड नको. आपण मंचुरियनला घालतो तो काळाकुट्ट डार्क सोया इथे घातलात तर डांबराच्या रंगाचं गोडुस पाणी मिळेल, जपानी पद्धतीने आंबवलेलाच आणा, हल्ली ऑनलाइन सहज मिळतो, महाग वाटतो पण बाटली पुरते.

जपानमध्येही या रंगावरून दोन तट आहेत. टोकियोकडचं सूप गडद, तिकडे कोइकुची सोया वापरतात आणि माशाची चव पुढे असते. ओसाका-क्योटोकडे उसुकुची, रंगाला फिकट पण मिठाला उलट जास्त, तिथे सूप इतकं स्वच्छ की वाडग्याचा तळ दिसतो. निस्सिन कंपनीचा 1976 पासून निघणारा दोनबेई नावाचा कपातला उडोन आहे, त्याचं सूपसुद्धा पूर्व आणि पश्चिम जपानसाठी वेगवेगळं बनवतात. मला स्वतःला ओसाकावालं आवडतं, पण आपल्याकडे कोइकुची जास्त मिळतो, मग मी सोया अर्धा चमचा कमी आणि मीठ थोडं जास्त घालते, तेवढ्याने भागतं.

इथवर आलं की आपला हात फोडणीकडे जायला शिवशिवतो. लसूण, आलं-लसूण पेस्ट, मिरपूड, व्हिनेगर, काहीतरी टाकावंसं वाटतंच. नका टाकू. लसूण पडला की दाशी गेली, मग तेवढे पैसे कशाला घातले.

नूडल्स. फ्रोझन उडोन मिळाले तर सर्वात उत्तम, उकळत्या पाण्यात एक मिनिट आणि तयार. सुके उडोन माणशी 80 ते 100 ग्रॅम, मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी, आणि पाण्यात मीठ अजिबात नको, उडोनच्या पिठातच मीठ असतं, ते उकळताना बाहेर येतं. सुक्याला दहा-बारा मिनिटं लागतात, त्यामुळे दाशीचं पाणी गॅसवर ठेवताना शेजारीच हेही पाणी ठेवा. शिजले की चाळणीत ओतून गार पाण्याखाली हाताने चक्क चोळून धुवा, पोहे धुतो तसं हलक्या हाताने नाही, जोर लावून. वरची चिकट खळ निघून जाते, नूडल्सना तकाकी येते, चावायला मजा येते आणि सूप पिठाळ होत नाही. मग पुन्हा उकळत्या पाण्यात दहा-पंधरा सेकंद बुडवून गरम करा. वाडगेही त्याच गरम पाण्याने भरून ठेवा, वाढताना रिकामे करा, थंड वाडग्यात सूप बघता बघता कोमट होतं.

उडोन नाही मिळाले तर सोमेन चालतात, शेवयांसारख्या बारीक, दीड-दोन मिनिटांत शिजतात. सोबा कुट्टूच्या पिठाचा असतो, तोही चालतो, पण बहुतेक पाकिटांत गहू मिसळलेला असतो, तेव्हा कुट्टू म्हणून उपवासाला आणू नका, आणि वर माशाचं सूप आहेच. हक्का नूडल्स या सूपात मला नाही आवडत, पण अडला हरी म्हणून घातल्यात तर निदान धुऊन घ्या.

वर काय घालायचं ते फ्रिज बघून ठरवा. पातीचा कांदा हवाच, अगदी बारीक गोल चिरलेला. पालकाची पानं उकळत्या पाण्यातून काढून, गार करून, घट्ट पिळून, दोन बोटांएवढे तुकडे. ओसाकाची खास गोष्ट म्हणजे कित्सुने उडोन, त्यावर तळलेल्या टोफूचा गोडसर तुकडा असतो. तो तयार मिळत नसेल तर घट्ट टोफूचे पातळ काप पाणी टिपून तळा, गरम पाणी ओतून वरचं तेल काढा, आणि उरलेल्या अर्ध्या वाटी दाशीत एक-एक मोठा चमचा साखर-सोया घालून पाणी आटेपर्यंत शिजवा. पोरं सूप ठेवून आधी तेच खातात.

थंडीत किंवा सर्दी झाली असेल तर अंड्याचं करा. सूप उकळत असताना एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून त्यात सोडा, ढवळत राहा, थोडं दाटसर झालं की फेटलेलं अंडं चॉपस्टिकवरून किंवा काट्यावरून बारीक धारेने गोल गोल सोडायचं आणि दहा सेकंद हात लावायचा नाही. अंड्याच्या मऊ झिरमिळ्या सूपभर तरंगतात. मग एकदाच हलकं ढवळून गॅस बंद, वर किसलेलं आलं, हो, आलं इथे चालतं.

तिखटाशिवाय घास उतरत नसेल तर शिचिमी नावाचा सात चिजांचा मसाला वरून भुरभुरतात. घरच्या घरी जवळपास जाणारं असं, लाल मिरचीची जाडसर पूड, भाजलेले काळे-पांढरे तीळ, खसखस आणि वाळवलेल्या संत्र्याच्या सालीची पूड, साल नसेल तर मग नुसती मिरची आणि तीळ.

उरलेली दाशी फ्रिजमध्ये दोन-तीन दिवस राहते, जास्त ठेवायची तर बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा, सकाळच्या ऑम्लेटमध्ये एक खडा घालून बघा. कोम्बूचे बारीक पट्टे कापून सोया, साखर आणि पाण्यात आटवायचे आणि वर तीळ, भाताबरोबर मस्त लागतं. गाळणीतला कात्सुओबुशीचा चोथा कोरड्या तव्यावर परतून तीळ-सोया घातलात की दुसऱ्या दिवशीच्या डब्यातल्या भातावर भुरभुरायला होतो, फक्त ऑफिसात डबा उघडताना शेजारी कोण बसलंय ते बघा.