लॅमिनेटची जमीन फुगतेय? या चुका टाळा

लॅमिनेटच्या फळीवर पाणी सांडलं तर वरच्या मेलामाइनच्या थराला काही होत नाही. पाणी शिरतं ते दोन फळ्यांच्या सांध्यातून. आत लाकडाचे तंतू दाबून केलेलं एचडीएफ असतं. ते एकदा फुगलं की वाळल्यावरही पूर्ववत होत नाही. म्हणून बादलीभर पाणी घेऊन लादी पुसायची सवय इथे मोडावीच लागते. फडकं इतकं पिळा की पुसलेली जागा मिनिटभरात कोरडी झाली पाहिजे. स्टीम मॉप तर नकोच, वाफ थेट सांध्यात घुसते.

मात्र प्रत्येक फुगवट्याचा दोष पुसणाऱ्या मावशींच्या माथी मारू नका. आधी फुगवटा कुठे आहे ते बघा. फक्त सांध्यांच्या कडा उचलल्या असतील तर पाणी वरून गेलंय. बाथरूमच्या भिंतीलगतच फळ्या फुगल्या असतील तर फळ्या बदलण्याआधी प्लंबर बोलवा, नाहीतर नव्या फळ्यांचंही तेच होणार. खोलीच्या मधोमध जमीन वर आली असेल आणि पाय ठेवल्यावर खाली दबत असेल, तर बहुधा भिंतीशी जागाच सोडलेली नाही. दमट हवेत फळ्या पसरतात, त्यासाठी कडेने ८ ते १० मिमी फट लागते. स्कर्टिंग काढून कडेची फळी तेवढी कापली की जमीन बऱ्याचदा आपसूक बसते. ही फट सिमेंटने बुजवणारे कारागीर आहेत, काम चालू असताना समोर उभे राहा.

तळमजल्यावर ओल खालून येते. नुसता फोम अंथरून भागत नाही, कोब्यावर आधी पॉलिथिनचा कागद हवा, जोडावर वीसेक सेंटिमीटर एकमेकांवर चढवून टेप लावलेला. कोबा सुकलाय का याची शंका असेल तर मीटरभर प्लास्टिक चारही बाजूंनी चिकटवून दिवसभर ठेवा. खाली थेंब जमले तर काम थांबवा, ठेकेदार कितीही घाई करो.

पावसाळ्यात बाल्कनीच्या सरकत्या दाराचा रूळ साफ ठेवा. त्याची भोकं तुंबली की पाणी आत येतं. ओले कपडे लॅमिनेटच्या खोलीत वाळत घालू नका, कुंड्यांखाली ताटली ठेवा.

फुगलेली कड पॉलिश पेपरने घासू नका. वरची लाकडाची नक्षी म्हणजे छापील कागद, तो लगेच जातो. ती फळीच बदलावी लागते, म्हणून बसवतानाच चार-पाच फळ्या जास्तीच्या घेऊन कोरड्या जागी आडव्या ठेवा.