जुन्या यंत्राशी सिरीयल जोडणी: टर्मिनल एम्युलेटरच्या सेटिंग्ज कशा लावाव्यात

जुन्या सर्व्हरशी किंवा राउटरशी सिरीयल केबलने संपर्क साधायचा असेल, तर टर्मिनल एम्युलेटरमधील (जुन्या पडदा-कळफलकाच्या टर्मिनलची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅममधील) प्रत्येक सेटिंग कोठून आली हे ठाऊक असावे. मग बिघाड कशाचा आहे हे बहुधा पडद्यावरूनच ओळखता येते.

पुट्टीसारखा प्रोग्रॅम उघडून जोडणीचा प्रकार ‘सिरीयल’ निवडावा, योग्य कॉम पोर्ट (केबल जोडलेल्या सिरीयल पोर्टचे नाव) द्यावा आणि यंत्राच्या माहितीपत्रकात वेगळे काही नसेल, तर वेग ९६०० (बिट प्रति सेकंद), डेटा बिट ८, पॅरिटी (चूक ओळखण्याचा जादा बिट) नाही, स्टॉप बिट (अक्षर संपल्याची खूण) १ असे ठेवून पाहावे. अर्थहीन चिन्हे उमटली तर सहसा वेग जुळलेला नसतो. प्रत्येक अक्षर दोनदा उमटले तर लोकल एको (टाइप केलेले अक्षर एम्युलेटरने स्वतःच पडद्यावर दाखवणे) बंद करावा, कारण टाइप केलेले अक्षर पलीकडचे यंत्रच परत पाठवत असते.

यानंतर एम्युलेशनचा प्रकार, म्हणजे कोणत्या टर्मिनलची नक्कल करायची, ते ठरवावे, आणि येथे घाई करू नये. डिजिटल इक्विपमेंट कॉर्पोरेशनने १९७८ मध्ये व्हीटी१०० हे टर्मिनल बाजारात आणले. कर्सर हलवणे, ओळ पुसणे यांसाठी ते एस्केप या अक्षराने सुरू होणारे संकेत वापरत असे. हे संकेत इतके रुळले, की पुढे पर्सनल कॉम्प्युटरवर आलेल्या प्रोकॉम, हायपरटर्मिनल यांसारख्या एम्युलेटर प्रोग्रॅमांना व्हीटी१००ची नक्कल करणे भागच होते. म्हणूनच यंत्राचा प्रकार माहीत नसताना व्हीटी१०० निवडणे माझ्या मते सर्वांत सुरक्षित. मेनूभोवतीच्या चौकटीच्या जागी ‘क्यू’ आणि ‘एक्स’ या इंग्रजी अक्षरांच्या रांगा दिसल्या, तर जोडणी तपासत बसू नये: व्हीटी१००च्या रेखाचित्र-संचात याच अक्षरांच्या जागी आडवी आणि उभी रेघ असते, आणि तुमचा एम्युलेटर त्या संचाकडे वळलेला नसतो.

फाइल पाठवायची असल्यास दोन्ही टोकांना एकच प्रोटोकॉल (फाइल पाठवण्याची नियमावली) हवा, आणि तो एम्युलेटरमध्येही असावा लागतो. मूळ पुट्टीत ही सोय नाही. वॉर्ड क्रिस्टेन्सन यांचा १९७७ चा एक्समोडेम साधा आहे, पण त्याला प्रत्येक बाइटचे आठही बिट डेटासाठी मोकळे लागतात, शिवाय शेवटचा तुकडा तो १२८ बाइटपर्यंत भरून काढतो, त्यामुळे फाइल किंचित मोठी होऊ शकते. कोलंबिया विद्यापीठात १९८१ मध्ये जन्मलेला कर्मिट हा प्रोटोकॉल नियंत्रण-अक्षरे (पडद्यावर न उमटणारी, यंत्राला सूचना देणारी अक्षरे) छापता येण्याजोग्या अक्षरांत बदलून पाठवतो, त्यामुळे सात बिटांच्या जोडणीवरही तो चालतो. मात्र मजकूर नसलेली फाइल पाठवताना बायनरी मोड निवडायला विसरू नये.