स्टुडंट सेलचा चार्ज गळ्यात पडलाय? मग हे वाचून घ्या

जूनच्या स्टाफ मीटिंगमध्ये प्राचार्य गोड हसून म्हणाले की "यंदा विद्यार्थी मदत कक्ष तुम्ही बघा" आणि तुम्ही मान डोलावून बसलात, तर अभिनंदन वगैरे काही नाही, सांत्वनच करतो. माझ्या गळ्यात पडलं तेव्हा मला वाटलेलं दोन गेस्ट लेक्चर ठेवायची, बॅनरसमोर फोटो काढायचे, नॅकच्या (कॉलेजला ग्रेड देणाऱ्या संस्थेच्या) फाइलला लावायचे, संपलं. तसं नसतं. मुंबईत सेंट्रल लाइनवरच्या एका कॉलेजात काही वर्षं हे काम केलं, त्यातनं जे कळलं ते सांगतो, क्रम वगैरे बघू नका.

सगळ्यात आधी कॉलेजातल्या रेल्वे कन्सेशनच्या, म्हणजे पोरांना सवलतीच्या लोकल पासाचा फॉर्म मिळतो त्या, खिडकीशी दोस्ती करा. हसू नका, सिरियसली सांगतोय. आपली निम्मी पोरं बदलापूर, टिटवाळा, आसनगाव, तिकडे वेस्टर्नला विरार नालासोपारा इथनं येतात, आणि "सर मला अडचण आहे" असं सांगायला तुमच्या त्या बोर्ड लावलेल्या खोलीत कोणी येत नाही. पण कन्सेशनचा फॉर्म घ्यायला येतात, महिन्याला नाहीतर तीन महिन्यांनी, यावंच लागतं. त्या खिडकीवरच्या क्लार्क मॅडमना जेवढं माहीत असतं तेवढं कुठल्याच मेंटॉर टीचरला नसतं. त्यांच्याकडे चहा प्या आणि रजिस्टर बघायला मागा. जो पोरगा कायम तीन महिन्यांचा पास काढायचा तो अचानक एका महिन्याचा मागायला लागला की समजायचं घरात पैशाची ओढाताण आहे. आणि ज्याचा पास संपून दीड महिना झाला तरी तो फिरकलाच नाही, त्याला त्याच दिवशी फोन करायचा, पुढच्या आठवड्यात नाही.

एसवायच्या (दुसऱ्या वर्षाच्या) एका मुलाचं असंच लक्षात आलं. हजेरीत तो गैरहजर होताच, पण हजेरीत तर अर्धा वर्ग गैरहजर असतो, ७५ टक्क्यांचा नियम कागदावर आहे आणि डिफॉल्टर लिस्ट लागते ती थेट सेमिस्टर संपताना. फोन केला तर कळलं वडिलांचं काम सुटलंय आणि हा रात्री भिवंडीला गोडाऊनमध्ये माल चढवतो, सकाळी डोळे उघडत नाहीत. फीचे हप्ते करून दिले, सकाळच्या प्रॅक्टिकलची बॅच बदलली, एवढंच केलं आम्ही. पोरगा राहिला. एक मात्र, ही नावं स्टाफरूममध्ये चघळायची नाहीत. एकदा पोराला कळलं की आपली गोष्ट सगळ्या सरांना माहितीये, की तो तुमच्याकडे परत येत नाही.

दुसरं, स्कॉलरशिप. महाडीबीटी, म्हणजे सरकारी स्कॉलरशिपचं ऑनलाइन पोर्टल, अर्धं वर्ष तेच समजा. फॉर्म भरा म्हणून नोटीस लावली की आपलं काम झालं असं समजू नका, कारण फॉर्म अडकतात ते त्यानंतर. विद्यार्थ्याने भरला की तो आधी आपल्या कॉलेजच्या लॉगिनला येतो, तिथे कोणी बघितलाच नाही तर तिथेच पडून राहतो आणि पोरगं बिचारं सरकारला शिव्या घालत बसतं. दर शुक्रवारी ऑफिसात जाऊन विचारा किती पेंडिंग, किती परत पाठवले, आणि परत पाठवलेल्यांना स्वतः फोन करा, कारण तो मेसेज कोणी वाचत नाही.

उत्पन्नाचा दाखला हा दुसरा घोळ. पोरगं कॉलेजच्या पत्त्यावरचं तहसील शोधत फिरतं. दाखला जिथे राहतो तिथला लागतो, म्हणजे बदलापूरवाल्याला अंबरनाथ तहसील, विरारवाल्याला वसई, उपनगरातल्याला अंधेरी, बोरिवली नाहीतर कुर्ला. "आपले सरकार" पोर्टलवर ऑनलाइन होतो पण रेशनकार्डावर जुना पत्ता असला की गाडी अडते, म्हणून हे जूनमध्येच सांगायचं. पैसे जमा झाले म्हणतात पण खात्यात नाहीत, असं कोणी म्हणालं तर नव्वद टक्के वेळा आधारची भानगड असते. पैसे फॉर्मवर लिहिलेल्या खात्यात जात नाहीत, आधारला शेवटचं जे खातं जोडलंय त्यात जातात, आणि पोरांनी मधेच मोबाइलवर एखादं झिरो बॅलन्स खातं उघडून ठेवलेलं असतं तेही विसरून. आधी ते तपासा मग तक्रार करा.

मुलींचं वेगळं सांगतो कारण त्यांच्या घरी अजून नीट पोचलेलं नाही. ८ जुलै २०२४ च्या जीआरनुसार वर्षाचं उत्पन्न ८ लाखांच्या आत असलेल्या ईडब्ल्यूएस, एसईबीसी आणि ओबीसी मुलींना व्यावसायिक कोर्सच्या ट्यूशन आणि परीक्षा फीत पूर्ण सवलत आहे. प्रवेश कॅपमधूनच (सरकारच्या केंद्रीय प्रवेश प्रक्रियेतून) हवा, मॅनेजमेंट कोट्याला नाही. साध्या बीए बीकॉमला हे लागू नाही, त्यामुळे पालक मीटिंगमध्ये सरसकट "मुलींना सगळं फ्री" असं बोलू नका, नंतर भांडण आपल्या टेबलावर येतं.

परीक्षेत लेखनिक किंवा जादा वेळ लागणारी मुलं शोधून काढा, ती स्वतः सांगत नाहीत, लाजतात. तासाला २० मिनिटं जास्त मिळतात, हक्काची. लर्निंग डिसॅबिलिटीचं सर्टिफिकेट नसेल तर सायन हॉस्पिटलला त्याचं क्लिनिक आहे पण तपासण्या बऱ्याच असतात आणि चार चार फेऱ्या होतात, हॉलतिकीट आल्यावर धावपळ करून काही होत नाही. ऑगस्टमध्ये पाठवा.

मनाच्या गोष्टींबद्दल. तुम्ही काउन्सेलर नाही, मी पण नव्हतो, आणि "अरे एवढं काय मनाला लावून घेतोस, आमच्या वेळी तर" हे वाक्य तोंडात आलं की गिळा. ऐकायचं, पाणी द्यायचं, आणि योग्य माणसाकडे पोचवायचं. कॉलेजला काउन्सेलर असेल तर तुम्ही सोबत चालत जा, नुसता नंबर देऊन पाठवू नका. नसेल तर टेलिमानस या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ आहे, सरकारी, फुकट, २४ तास, मराठीत बोलता येतं. देवनारच्या टिसची (टाटा सामाजिक विज्ञान संस्थेची) आयकॉल ही हेल्पलाइन पण आहे. जिवाचं बरंवाईट करायच्या गोष्टी कोणी बोललं तर त्याला एकटं सोडायचं नाही, घरच्यांना बोलवायचं, तिथे "कोणाला सांगणार नाही" असं वचन देऊन बसायचं नाही.

आता तक्रारी. इथे माझी स्वतःची चूक सांगतो. पहिल्या वर्षी पोरं तोंडी सांगायची, मी तोंडी साहेबांना सांगायचो, ते "बघू" म्हणायचे, आणि मार्चमध्ये कोणालाच काही आठवत नसायचं. तेव्हा कळलं की लेखी अर्ज, दोन प्रती, एकीवर इनवर्ड (आवक) नंबर आणि शिक्का, ती पोराच्या हातात. नुसत्या शिक्क्यानेच अर्धी कामं होतात हो. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) २०२३ च्या नियमांप्रमाणे प्रत्येक कॉलेजला विद्यार्थी तक्रार निवारण समिती लागते, तिने १५ कामाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो, आणि समाधान झालं नाही तर विद्यापीठाचे लोकपाल आहेत. प्रवेश रद्द केल्यावर ओरिजिनल मार्कशीट अडकवून ठेवणं हीसुद्धा तक्रारच आहे, ऑफिसमधले कितीही म्हणोत "आमच्याकडे पद्धत आहे". रॅगिंगचं प्रकरण असेल तर आपापसात मिटवायला जाऊ नका, हेल्पलाइन १८००-१८०-५५२२. लैंगिक छळाची तक्रार तर या समितीकडे नाहीच, ती अंतर्गत तक्रार समितीकडे, साधारण तीन महिन्यांच्या आत, आणि त्या समितीत कोण आहे ते तुम्हाला तोंडपाठ पाहिजे कारण मुलगी विचारते तेव्हा फलक शोधायला वेळ नसतो.

चर्चगेटला बी रोडवर विद्यार्थी भवन आहे, मुंबई विद्यापीठाचा विद्यार्थी विकास विभाग तिथे बसतो, युवा महोत्सवाच्या निमित्ताने तरी एक चक्कर मारून ओळख करून ठेवा. परीक्षेच्या, निकालाच्या कामाला मात्र सांताक्रूझला विद्यापीठाचं कलिना कॅम्पस. पोरांना आधीच सांगा, नाहीतर बिचारी सांताक्रूझ ते चर्चगेट नुसतीच फिरतात.

आणि खोलीची वेळ. आम्ही दुपारी दोन ते चार ठेवलेली, कोणी यायचं नाही, महिनाभर मी माशा मारत बसलो. मग लक्षात आलं, सकाळची लेक्चर सव्वाअकराला संपतात आणि पोरांना त्यानंतरची गाडी पकडून नोकरीवर जायचं असतं. साडेदहा ते बारा केली तर दुसऱ्याच दिवशी बाकड्यावर तिघं बसलेले.