तर्री न करपवता घरी करायचे झणझणीत नूडल्स सूप

आठवडी बाजारात मिळणारे साधे हक्का नूडल्स, घरची तुरीची डाळ आणि वाळलेली लाल मिरची एवढ्या सामानात चार जणांचे झणझणीत शाकाहारी सूप होते. त्यासाठी तयार मसाल्याच्या पुडीची काहीही गरज नाही. मिरची भिवापुरी मिळाल्यास फारच उत्तम, कारण रंग आणि तिखटपणा तिच्यात एकत्र मिळतात आणि केवळ रंगासाठी दुसरी मिरची आणावी लागत नाही.

अर्धी वाटी तुरीची डाळ भरपूर पाण्यात मऊ शिजवावी आणि न घोटता तिचे वरचे सव्वा लिटर पाणी काढून घ्यावे. मांसाहारी सूपला हाडांच्या पाण्याने जो दाटपणा येतो, तो इथे या पाण्यातून येतो. खालची डाळ वरणाला वापरता येते. सूप दाट व्हावे म्हणून कॉर्नफ्लोअर घालण्याचा सल्ला सर्रास दिला जातो, परंतु त्याने सूप चिकट होते आणि मिरचीची चव दबते.

आता तर्री, म्हणजे सुपावर तरंगणारे तिखट लाल तेल. या सूपचे बरेवाईट सर्वस्वी याच टप्प्यावर ठरते आणि माझाही हात बराच काळ इथेच अडखळत असे. मिरचीला तिखटपणा देणारे कॅप्सेसिन पाण्यात जवळजवळ विरघळत नाही, ते तेलात विरघळते. म्हणून तिखटपणा आधी तेलात उतरवावा लागतो. 'तेल धुरावेपर्यंत तापवा आणि तिखट सोडा' असे सांगणाऱ्यांनी बहुधा करपलेली तर्री कधी नीट चाखलेली नसावी. कोरड्या तिखटात पाणी नसते, त्यामुळे कडकडीत तेलात ते काही क्षणांतच काळे पडते, आणि एकदा आलेला तो कडवटपणा गूळ, लिंबू, साखर यांपैकी कशानेही जात नाही. असे झाल्यास तेल फेकून पुन्हा सुरुवात करावी.

सहा-सात मिरच्यांचे देठ काढून त्या गरम पाण्यात वीस मिनिटे भिजवाव्यात आणि दहा-बारा लसूण पाकळ्या, बोटभर आले व भाजलेला एक कांदा यांच्यासोबत बारीक वाटाव्यात. चार मोठे चमचे शेंगदाण्याचे किंवा तिळाचे तेल मध्यम तापवून त्यात हे वाटण परतावे; जवसाचे कच्च्या घाण्याचे तेल लवकर धुरावते, म्हणून ते इथे नको. वाटणात पाणी आहे तोवर त्याचे तापमान शंभर अंशांच्या फारसे वर जात नाही, हेच त्याचे संरक्षण असते. सुरुवातीला ते जोरात फडफडते. मग आवाज बारीक होत जातो आणि कडेने लाल तेल सुटू लागते. आवाज मंदावला म्हणजे पाणी संपत आले, आणि इथून पुढे लक्ष हलवू नये. गॅसवर आच कमी करता येते; चुलीवर मात्र लाकडे मागे ओढण्यात वेळ जातो आणि निखाऱ्यांची धग तशीच राहते, म्हणून गंज (पातेले) सरळ खाली उतरवावा. तेल पूर्ण सुटले की डाळीचे पाणी उकळते असतानाच ओतावे.

त्यात उभी चिरलेली पानकोबी, गाजर आणि एक चमचा सोया सॉस घालून पाच मिनिटे उकळावे. सोया सॉस मुळातच खारट असतो, म्हणून चवीपुरते मीठ शेवटी चाखूनच घालावे. सूप फार तिखट झाल्यास नुसते पाणी वाढवून भागत नाही, कारण तिखट तेल वर तरंगतच राहते आणि पहिलाच घोट घशाला लागतो. दोन चमचे भाजलेल्या तिळाचे कूट पाण्यात कालवून घातल्यास तिखटपणा बराच सौम्य होतो.

दोनशे ग्रॅम नूडल्स वेगळ्या भांड्यात उकळून, किंचित कच्चे असतानाच निथळून गार पाण्याखाली धरावेत.

वाढताना वाडग्यात आधी नूडल्स, त्यावर उकळते सूप, मग लिंबू आणि बारीक चिरलेला सांभार (कोथिंबीर) असा क्रम ठेवावा. लिंबू गंजात पिळू नये. नूडल्स सुपातच शिजवण्याचा सोपा मार्ग पुष्कळांना आवडतो, पण त्यांचा स्टार्च सुटून तर्रीचे तेल त्यात मिसळून जाते आणि लाल थर वर दिसतच नाही. उरलेले सूप आणि नूडल्स वेगवेगळेच झाकून ठेवावेत. एकत्र ठेवल्यास सकाळपर्यंत नूडल्स सगळे पाणी शोषून घेतात.