खटला सुरू असताना पासपोर्ट: या चुका टाळा

कोर्टात केस आहे म्हणजे पासपोर्ट विसराच, असं अनेकजण धरून चालतात. तसं नाही. पण पासपोर्टच्या अर्जातल्या 'तुमच्यावर फौजदारी खटला प्रलंबित आहे का' या प्रश्नावर 'नाही' अशी खूण करून मोकळं होणं ही सगळ्यांत महाग चूक. पोलीस पडताळणीत ठाण्याच्या नोंदीतून नाव निघतं, प्रतिकूल अहवाल जातो आणि पासपोर्ट कार्यालयाची नोटीस येते. शिवाय माहिती दडवणं हा पासपोर्ट अधिनियम, १९६७ च्या कलम १२ खाली स्वतंत्र गुन्हा आहे: २ वर्षांपर्यंत कैद, ५,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. म्हणजे एका केसच्या दोन केस.

काहीजण प्रामाणिकपणे चुकतात. चेक बाउन्सचा (कलम १३८) खटला पैशांचा म्हणून 'दिवाणी' समजला जातो. तो फौजदारी न्यायालयात चालतो. जुन्या मारामारीत आपसांत तडजोड झाली, पण कोर्टात केस निकाली काढायची राहिली, तर ती अजून प्रलंबितच. अर्जाआधी ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर नावाने शोध घ्या. निर्दोष सुटला असाल तर निकालाची प्रमाणित नक्कल काढून ठेवा.

याच्या उलट, नुसता एफआयआर असेल आणि कोर्टाने अजून दखल घेतली नसेल, तर फौजदारी खटला प्रलंबित असताना पासपोर्ट नाकारू देणाऱ्या, याच अधिनियमाच्या कलम ६(२)(एफ) ची अडचण येत नाही. परराष्ट्र मंत्रालयाच्या ऑक्टोबर २०१९ च्या परिपत्रकातही हेच स्पष्ट केलं आहे. पोलिसांनी विचारलं तर मात्र एफआयआर लपवू नका.

खटला प्रलंबित असेल तर २५ ऑगस्ट १९९३ ची अधिसूचना (जीएसआर ५७०) कामाला येते. ज्या कोर्टात खटला आहे त्याच कोर्टाचा परदेशी जाण्याच्या परवानगीचा आदेश आणायचा. बोलावल्यावर हजर राहीन असं हमीपत्रही द्यायचं. दोन कोर्टांत दोन खटले असतील तर आदेशही दोन.

खरी गोम आदेशाच्या शब्दांत असते. 'अर्जदाराने नियमानुसार पासपोर्टसाठी अर्ज करावा' एवढंच लिहिलेलं असेल तर पासपोर्ट कार्यालय ती परवानगी मानायला कां-कूं करतं. पासपोर्टची मुदत आदेशात लिहिलेली असेल तर तेवढ्या मुदतीचा पासपोर्ट मिळतो. मुदतही नाही आणि प्रवासाचा काळही नाही, तर फक्त १ वर्षाचा. प्रवासाची परवानगी वर्षाहून कमी काळाची असेल तरी १ वर्षाचाच. आणि १ वर्षाचा पासपोर्ट कागदावरच वर्षाचा, कारण बरेच देश प्रवासाच्या वेळी निदान ६ महिने मुदत शिल्लक मागतात. म्हणून वकिलांना सांगून कोर्टातल्या अर्जाच्या मागणीतच '१० वर्षे मुदतीचा पासपोर्ट देण्यास परवानगी' असं स्पष्ट लिहून घ्या. कोर्ट कमी वर्षं देईलही, पण मागितलंच नाही तर आपणहून देणार नाही.

पासपोर्ट हातात आला की लगेच तिकीट काढू नका. 'परवानगीशिवाय देश सोडायचा नाही' अशी जामिनाची अट असेल तर प्रत्येक प्रवासासाठी कोर्टात वेगळा अर्ज लागतो: तारखा, ठिकाण, परतीचं तिकीट, तिथला पत्ता. लुकआउट सर्क्युलर (एखाद्याला देशाबाहेर जाताना रोखण्यासाठी काढलेली सूचना) असेल तर विमानतळावर इमिग्रेशनला अडवतात, पासपोर्ट कितीही वैध असो.

पासपोर्ट कार्यालयाने अर्ज फेटाळला तर कारणं लेखी मागा. कलम ११ खालच्या अपिलाला ३० दिवसांची मुदत असते. पुन्हा नवा अर्ज भरून बसण्यात ती निघून जाते.