फळ्यावरचा दिनविशेष: एका तारखेचे पान कसे भरावे

आमच्या यवतमाळ जिल्ह्यातील खेड्यांत परिपाठाच्या वेळी दिनविशेष वाचला जातो आणि तो बहुतेक वेळा मोबाइलवर आलेल्या यादीतून जसाच्या तसा फळ्यावर उतरवलेला असतो. अशा यादीत पंधरा-वीस नोंदी असतात आणि वर्गात जाईपर्यंत मुलांच्या डोक्यात त्यातली एकही उरत नाही. माझ्या मते दिवसाला तीनच नोंदी पुरेशा आहेत. मात्र त्यातली एक आपल्या मुलखातली असावी, आणि त्या घटना एकाच तारखेला का आल्या याचे उत्तर लिहिणाऱ्यापाशी असावे.

सुरुवात चारशे पानी रजिस्टरने करावी. प्रत्येक तारखेला एक पान द्यावे आणि पानावर वर्ष, घटना, गाव व तालुका, तिथी आणि माहिती कुठून मिळाली असे रकाने आखावेत. शेवटचा रकाना कंटाळवाणा वाटतो, पण वर्षभराने कोणी हरकत घेतली की तोच कामी येतो. २९ फेब्रुवारीचे पानही सोडू नये, कारण मोरारजी देसाई यांचा जन्म १८९६ साली याच तारखेला झाला.

पान भरताना पहिला प्रश्न असा विचारावा, की हा निव्वळ योगायोग आहे काय? ३० एप्रिलचे पान पाहावे. १९०९ साली या दिवशी अमरावती जिल्ह्यातील यावली येथे राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचा जन्म झाला आणि १९३६ साली याच दिवशी गांधीजी वर्ध्याजवळच्या शेगावात आले, ज्या गावाचे नाव पुढे सेवाग्राम झाले. खेडे सुधारल्याशिवाय देश सुधारणार नाही असे मानणाऱ्या दोन माणसांची ही तारीख एक निघाली, तरी तिच्यामागे कोणाची योजना नव्हती. म्हणून फळ्यावर दोन्ही नोंदी शेजारी लिहाव्यात, पण त्यांचा ओढूनताणून संबंध जोडू नये.

१६ ऑगस्टची गोष्ट वेगळी आहे. १९४२ साली या एकाच दिवशी चंद्रपूर जिल्ह्यातील चिमूर आणि वर्धा जिल्ह्यातील आष्टी येथे लोक उठले, गोळीबार झाला, माणसे प्राणास मुकली. ९ ऑगस्टच्या पहाटे गांधीजींना व इतर नेत्यांना अटक झाली होती आणि त्यानंतरच्या आठवड्यात तो संताप खेड्यापाड्यांत पोचला होता. त्यात १६ तारखेला रविवार होता आणि नागपंचमीही होती. कारण एकच असल्यामुळे येथे तारीखही एक आली, आणि हे कारण सांगितले की मुले आपणहून पुढचे प्रश्न विचारतात.

तिसरा प्रकार मुद्दाम निवडलेल्या दिवसांचा. १९३० सालच्या २६ जानेवारीला देशभर पूर्ण स्वराज्याची प्रतिज्ञा घेतली गेली होती, म्हणून १९५० साली संविधान अमलात आणण्यासाठी तीच तारीख ठरवण्यात आली. गोंदिया जिल्हा १ मे १९९९ रोजी अस्तित्वात आला, तोही महाराष्ट्र दिनीच. अशा नोंदीत आधीची घटना वर आणि नंतरची खाली लिहावी, म्हणजे दिवस निवडणाऱ्यांच्या मनात काय होते ते वाचणाऱ्याला उलगडते.

तिथी आणि तारीख यांचा घोळ मात्र सर्वांत जास्त जपावा लागतो. एका वर्षी मी १६ ऑगस्टला चिमूरची नोंद लिहिली, तेव्हा फळ्यासमोर थांबलेल्या एका आजोबांनी विचारले, "गुरुजी, हे तर नागपंचमीले झालं होतं, तुम्ही आज काहून लिवलं?" त्यांची आठवण अचूक होती. नागपंचमी २०२४ साली ९ ऑगस्टला आली आणि २०२५ साली २९ जुलैला. १९४२ साली ती १६ ऑगस्टला होती. तेव्हापासून मी तिथी व तारीख दोन्ही लिहितो. नागपूरच्या धम्मदीक्षेचेही तसेच आहे: १४ ऑक्टोबर १९५६ रोजी अशोक विजयादशमी होती, त्यामुळे कोणी दसऱ्याला तर कोणी १४ ऑक्टोबरला दीक्षाभूमीकडे निघतो. दोघेही बरोबर आहेत, आणि रजिस्टरात तसेच लिहून ठेवावे. दोन दिवसांनी, १६ ऑक्टोबरला, चंद्रपुरातही दीक्षा सोहळा झाला होता. तो याद्यांतून बहुधा सुटतो, म्हणून आवर्जून घ्यावा.

गावातल्या माणसांच्या जन्मतारखा घेताना शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरवर एकट्यावर विसंबू नये. जुन्या पिढीतील कितीतरी जणांची जन्मतारीख गुरुजींनी अंदाजाने १ जून किंवा १ जुलै अशी टाकलेली आहे. जमेल तेथे कोतवाल बुकातील, म्हणजे गावच्या जुन्या जन्म-मृत्यू नोंदवहीतील, नोंदीशी ती ताडून पाहावी. १ जुलै ही वसंतराव नाईक यांची खरी जन्मतारीख आहे. १९१३ साली पुसद तालुक्यातील गहुली येथे त्यांचा जन्म झाला, आणि तो दिवस राज्यात कृषी दिन म्हणून पाळला जातो. याच तारखेला, १९९८ साली, वाशीम जिल्हा निर्माण झाला.

फळ्यावर लिहिताना 'जयंती' किंवा 'पुण्यतिथी' एवढ्यावर थांबू नये. "२० डिसेंबर १९५६: संत गाडगेबाबा यांची पुण्यतिथी" या ओळीपेक्षा "२० डिसेंबर १९५६: दिवसा खराट्याने गाव झाडणारे आणि रात्री कीर्तनातून माणसांची मने झाडणारे गाडगेबाबा अमरावतीजवळ वलगाव येथे वारले" ही ओळ तिसरीतल्या मुलालाही दिसते. अक्षर मोठे असावे, गावाचे नाव रंगीत खडूने लिहावे आणि शेजारी विदर्भाचा नकाशा टांगून त्या गावावर बोट ठेवण्याचे काम दररोज वेगळ्या मुलाला द्यावे. उन्हाळ्याच्या सुट्टीत शाळा बंद असते, तेव्हा ३० एप्रिलसारखी पाने ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लिहून घ्यावीत.